लॅम्डासाठी सोडलेली जागा

तुम्ही त्यांच्या प्रमेयाबद्दल विचारायला आलात
आणि मी तुम्हाला टाइपरायटर दाखवतेय.
रागावू नका. मला तेवढंच येतं.

तार्तूच्या गणित विभागात चौतीस वर्षं
मी दुसऱ्यांची वाक्यं बडवली.
आमच्या एस्टोनियनमध्ये एक्स फारसा लागत नाही.
ती कळ माझ्याकडे जवळजवळ कोरी होती,
चुकलेल्या ओळीवर फुल्या मारण्यापुरती.
मग एंडेल कूस्मा आले, कोट ओला, बगलेत कागद,
आणि तीन हिवाळ्यांत
त्या कळेवरचं अक्षर झिजून गेलं.

लॅम्डा तर यंत्रात नव्हताच.
मी एका अक्षराएवढी जागा सोडायची
आणि पाच वाजता खोली रिकामी झाली की
टाकाने एकेक भरत बसायची:
एक तिरकी काठी, तिला टेकलेली दुसरी.
पहिले शंभर कुबडी घेतलेल्या म्हाताऱ्यासारखे आले.
पुढे ते चालायला लागले.

हे काय आहे, मी एकदा विचारलं.
"दार," ते म्हणाले.
"यातून जो आत येईल त्याला आत एक्स म्हणायचं.
बाहेर त्याचं नाव काय होतं ते विचारायचं नाही."
आणि एक्सच्या जागी वाय म्हटलं तर?
"काही बिघडत नाही, लेपासार बाई.
बद्ध चलाचं नाव म्हणजे पाहुण्याला दिलेल्या सपाता.
घरापुरत्या."

त्या मार्चमध्ये एक्सची कळ अडकली.
सुटा भाग तालिनहून यायला दीड महिना,
प्रबंध जायचा सोमवारी.
काही बिघडत नाही, हे मला पाठ होतं.
एकशे बारा पानं. सगळ्या एक्सचे मी वाय केले.

रविवारी ते दारात उभे. टोपी हातात,
दुसऱ्या हातात पान एक्केचाळीस.
"इथे एक वाय आधीच होता. बाहेरचा, मुक्त.
त्याचा मालक फार दूर.
तुमच्या दाराने त्याला आत ओढलं
आणि आपलाच म्हणून ठेवून घेतलं."

मला खुर्ची शोधावी लागली.
आमच्या गावात दोन हिंद्रेक राउड्सेप होते.
एकोणपन्नास साली यादीत एकच नाव होतं.
ट्रक आला तो माझ्या मामाच्या दाराशी.
दुसरा हिंद्रेक पुढे सत्तावीस वर्षं
आमच्याकडे बघून रस्ता बदलायचा.

हे मी त्यांना कधी सांगितलं नव्हतं. कोणालाच नाही.
ते बराच वेळ गप्प होते, मग चहाचा कप न उचलता म्हणाले,
"नावं काढूनच टाकू."
उठले, आणि माझ्या घरात मोजत फिरू लागले:
स्वयंपाकघराचं दार, खोलीचं, जिन्याचं, अंगणाचं.
"या दिव्याचा मालक कोण? नाव नको. अंतर सांगा.
इथून बाहेर, किती दारं?"
दोन, मी म्हटलं.
(दिवा वरच्या सेल्मा बाईंचा होता. परत करायचा राहिलेला.)

बाकी तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त माहीत.
प्रत्येक चलाच्या जागी एक आकडा,
छिद्रं पाडलेल्या पट्टीवर त्यांची ती भाषा,
आणि तळघरातलं कपाटाएवढं यंत्र,
जे पहिल्यांदा, कोणाला कोणाच्या जागी न धरता,
रात्रभर चाललं.
माझी नात प्रोग्राम लिहिते. म्हणते, आम्ही नावं देतो, आजी,
पण आत खोलवर अजून दारंच मोजली जातात.
मला बरं वाटतं. थोडं.

दुसऱ्या आवृत्तीत, आभारांच्या शेवटी, एक ओळ आहे:
पान एक्केचाळीसवरच्या चुकीसाठी, वा. लेपासार.
ती मीच टाइप केली.
खाली कुठेही लॅम्डा नव्हता,
तरी सवयीने हात एक जागा सोडून पुढे गेला.
ती मी भरली नाही.